वर्ध्याची सोळा मिनिटे

शास्त्रकथांतून अनेक जगांचा काळ एका सूत्रात बांधणारे शास्त्रज्ञ भेटतात. आपल्याकडे आगगाडीच्या निमित्ताने असे काहीसे खरोखरच घडले! पूर्वी गावोगावची वेळ निराळी असे. १९०६ पासून ८२.५ अंश पूर्व रेखांशाची वेळ देशाची प्रमाणवेळ झाली. तिच्या ३९ मिनिटे मागे असलेली ‘मुंबई वेळ’ मात्र १९५५ पर्यंत तग धरून होती.

आपल्या वर्ध्याचा सूर्यही घड्याळाच्या सरासरी १६ मिनिटे मागे आहे. माझ्या आजीजवळ घड्याळ नव्हते. निंदणाच्या दिवसांत ती सूर्य पाहून शेतावर निघे; मुकादमाच्या घड्याळात उशीर झालेला असे, मजुरी कापली जाई.

देशाची वेळ एक असावी, हे मला पटते. पण वेळ एक करताना सर्वांच्या हाती घड्याळ आहे का, हेही पाहायला नको का?