शेवयांचं पाणी

चैत्र-वैशाखात आमच्या नांदूरघाटला एकाच गव्हाचे दोन जिन्नस शेजारीशेजारी वाळत असतात: कुरडया आणि शेवया. मी दोन्ही करते. कुरडईला गहू तीन दिवस भिजवायचा, रोज पाणी बदलायचं, मग वाटून चीक पिळून काढायचा, चोथा बाजूला. शेवयांचं नेमकं उलटं. तोच चीक कणकेच्या आत असा कोंडायचा, की उकळत्या पाण्यातही तिथंच राहावा. म्हणून शेवया वेळल्यावर माझं लक्ष आधी खालच्या पाण्याकडे जातं.

पाणी थोडं गढूळ होणारच. चीक म्हणजे स्टार्चचे कण, गव्हातले मोठे कण मिलिमीटरच्या पन्नासाव्या हिश्शाएवढे. पाणी साठ अंशांच्या आसपास तापलं की ते फुगतात आणि त्यांतलं अमायलोज, म्हणजे स्टार्चचाच एक घटक, पाण्यात उतरू लागतं. त्याला अडवतं ते ग्लुटेनचं जाळं. रवा आणि सपीट मीठपाण्यात घट्ट मळून गोळा मुरू देतात, मग पुन्हा तिंबतात, ते या जाळ्यासाठीच. हे काम उरकता येत नाही. गिरणीतही जपावं लागतं: फार बारीक दळलं की स्टार्चचे कण फुटतात, आणि फुटका कण थंड पाण्यातसुद्धा पाणी ओढतो. तसल्या पिठाची शेवई पातेल्यात चिकट होते, पाणी पेजेसारखं दाटतं.

गहू बन्सी असेल तर निम्मी काळजी मिटते. बन्सी हा ड्युरम जातीचा, टणक, पिवळसर दाण्याचा, कोरडवाहू रानातला. इटलीचा वाळवलेला पास्ताही ड्युरमचाच. आता बन्सी शोधावा लागतो, आणि याचं मला मनापासून वाईट वाटतं.

पास्ता करणारे शंभर ग्रॅमला एक लिटर पाणी आणि दहा ग्रॅम मीठ धरतात, आणि गाळताना थोडं पाणी सॉससाठी राखून ठेवतात. २०२५ साली काही भौतिकशास्त्रज्ञांनी रोमच्या ‘काचो ए पेपे’ या चीज-मिरीच्या पास्त्यावर शोधनिबंध छापला. चीजच्या वजनाच्या दोन-तीन टक्के स्टार्च असलं तर तापवूनही चीजच्या गुठळ्या होत नाहीत, असं त्यांना दिसलं. पास्त्याच्या पाण्यात स्टार्च किती उतरलं याचा नेम नसतो, म्हणून ते वेगळं मोजून घाला, असं ते सांगतात. त्याच वर्षी त्यांना इग्नोबेल मिळालं. ते पारितोषिक हसवण्यासाठी असतं, पण मला हा अभ्यास फार मोलाचा वाटला. स्वयंपाकघरातलं एवढं बारीक काम कुणी इतक्या आस्थेनं मोजत नाही.

शेवयांवर गूळ-तूप घालताना मीही पळीभर पाणी मागे ठेवते. ते घातलं की तूप वर तरंगत नाही, शेवईला धरून राहतं. मोजायला काटा नाही. दोन बोटांत पाणी चोळून बघते. उरलेलं म्हशीच्या आंबोणात जातं. टँकरची वाट बघणाऱ्या गावात ते मोरीत कोण ओतणार?

नव्यानं शिकायला येणाऱ्या पोरींना मी पाटावरची शेवई किती बारीक झाली ते विचारत नाही. वाळलेली मूठभर शिजवायला लावते आणि पाणी स्टीलच्या वाटीत घ्यायला सांगते. वाटीचा तळ दिसला तर घाणा वाळवायला टाकायचा. नाही दिसला, तर पुढचा गोळा आणखी मळायचा, जास्त वेळ झाकून ठेवायचा.