आईची १३१२ वी लेव्हल

गेल्या दिवाळीत घरी गेलो तेव्हा आईच्या फोननं मान टाकली होती. स्टोरेज फुल. फोटो निघत नव्हते, व्हॉट्सॲप जागा मागत होतं, आणि फोन सतत तापलेला. घरात सॉफ्टवेअरवाला मुलगा आलाय म्हटल्यावर फोन माझ्या हातात येणं ओघानंच आलं. मी सोफ्यावर पाय पसरून सफाईला बसलो. सुप्रभातची फुलं, एकाच लग्नाचे चार ग्रुपांवरून आलेले तेच व्हिडिओ, आणि मग ॲप्सची यादी. त्यात रंगीत खडे जुळवायचा एक गेम पाचेकशे एमबी अडवून बसला होता. मी स्वयंपाकघराच्या दिशेनं ओरडलो, "हा खड्यांचा गेम खेळतेस का गं अजून?" कुकरची शिट्टी झाली आणि तिच्या मागून आईचं "काय?" ऐकू आलं. मी उत्तरासाठी थांबलो नाही. लागलाच तर परत टाकता येईल, असा विचार करून अनइन्स्टॉल दाबलं.

रात्री जेवणं झाल्यावर आईनं फोन हातात घेतला. "माझा खेळ कुठे गेला रे?"

दोन मिनिटांत मी तो परत टाकून दिला. गेम उघडला, एक ससा उड्या मारत आला आणि बोट कसं सरकवायचं ते आईला शिकवायला लागला. लेव्हल १.

"मी तेराशे बारावर होते," आई म्हणाली.

मी म्हटलं, थांब, बघतो. असं म्हणताना पोटात खड्डा पडला होता, कारण काय झालंय ते मला कळलं होतं. दिवसभर मी हेच काम करतो.

हे माझ्या हातून व्हावं यात एक वेगळीच लाज आहे. कारण सेव्ह फाइल जपणं हे मी आयुष्यात सर्वांत आधी मन लावून शिकलेलं तांत्रिक काम. आमच्याकडे कॉम्प्युटर आला तेव्हा मी सातवीत होतो. सेकंडहँड, विंडोज एक्सपी, चाळीस जीबीची हार्ड डिस्क, तिचे सी आणि डी असे दोन भाग. गल्लीतल्या एका दादानं पेन ड्राइव्हवरून व्हाइस सिटी टाकून दिला. माझ्या वयाच्या पोरांना हे सांगायला नको. त्यात कुठेही सेव्ह करता येत नाही. आपल्या घरी किंवा हॉटेलात जायचं, तिथे गुलाबी कॅसेट फिरत असते, तिच्यावर जाऊन उभं राहायचं, की आठ स्लॉट समोर येतात. सेव्ह केलं की गेममधलं घड्याळ सहा तास पुढे जातं. त्यात बाहेर लोडशेडिंग. मिशन संपवून कॅसेटपर्यंत गाडी हाणत असताना लाइट गेली की संपलं. ते खेळण्यातलं हेलिकॉप्टर उडवून बांधकामावर बॉम्ब ठेवायचं मिशन मी किती वेळा केलं त्याचा हिशोब नाही.

ते मिशन एकदाचं पार पडलं आणि आठवडाभरात कॉम्प्युटरला व्हायरस लागला. दुरुस्तीवाला आला. तेव्हा सगळ्या आजारांवर एकच औषध होतं, फॉरमॅट. मी त्याला शहाणपणानं सांगितलं, "दादा, फक्त सी ड्राइव्ह करा, गेम डीमध्ये आहे." त्यानं तसंच केलं. गेम डीमध्ये जागच्या जागी होता. चालूही झाला. आठही स्लॉट रिकामे.

गेम कुठे टाकला आहे आणि त्याची आठवण कुठे राहते या दोन वेगळ्या गोष्टी असतात, हे मला त्या दिवशी कळलं. व्हाइस सिटी स्वतः डीमध्ये असला तरी सेव्ह माय डॉक्युमेंट्समध्ये 'जीटीए व्हाइस सिटी यूजर फाइल्स' नावाच्या फोल्डरात करतो, आणि माय डॉक्युमेंट्स सीमध्ये. एनएफएस मोस्ट वाँटेडचंही तेच, तिथे आपल्या प्रोफाइलच्या नावानं फाइल पडते. म्हणजे गेम खुशाल अनइन्स्टॉल करा, सेव्ह राहील. पण विंडोज नव्यानं टाकलं की गेम राहील आणि सेव्ह जाईल. एज ऑफ एम्पायर्स २ मात्र उलटा. त्याचे सेव्ह त्याच्या स्वतःच्याच फोल्डरात. तो फोल्डर उडवला की अख्खं साम्राज्य गेलं. पुढे २००७ मध्ये व्हिस्टा आलं आणि प्रोग्राम फाइल्समध्ये लिहायला कुणालाही सहज परवानगी मिळेनाशी झाली, तेव्हा जुन्या गेम्सनी तिथे लिहिलेलं विंडोज गुपचूप व्हर्च्युअलस्टोअर नावाच्या तिसऱ्याच फोल्डरात नेऊन ठेवायला लागलं. माझ्या एका मित्राची सगळी लढाई तिथे सापडली होती.

अनइन्स्टॉलर हा प्राणी तसा साधा असतो. इन्स्टॉल करताना आपण काय काय ठेवलं त्याची यादी त्याच्याकडे असते, आणि जाताना तो साधारण तेवढंच उचलतो. आपण खेळून जे निर्माण केलं ते त्याच्या यादीत नसतं. म्हणून गेम काढल्यावरही त्याच्या नावाचा फोल्डर मागे उरतो. काही अनइन्स्टॉलर जाताना विचारतात, सेव्हही काढू का? आणि घाईत आपण 'येस' दाबतो. त्यामुळे माझा नियम झाला: काढण्याआधी सेव्हचा फोल्डर कॉपी. डी ड्राइव्हमध्ये 'सायन्स प्रोजेक्ट' नावाचा फोल्डर होता, त्यात सगळं. बाबांनी तो कधी उघडला नाही. पुढे इंजिनिअरिंगच्या हॉस्टेलवर मी या कामासाठी प्रसिद्ध होतो. लॅपटॉप फॉरमॅट करायचा तर पोरं आधी माझ्याकडे यायची. स्टारड्यू व्हॅली ॲपडेटात असतो आणि ॲपडेटा लपवलेला असतो, विचर ३ डॉक्युमेंट्समध्ये, स्टीमवर बऱ्याच गेम्सचं क्लाउड असतं पण सगळ्यांचं नसतं. क्लाउडवरही मी भाषण द्यायचो. क्लाउड म्हणजे बॅकअप नाही, ती जुळवाजुळव आहे. इथलं आणि तिथलं वेगळं निघालं की तो विचारतो कुठलं ठेवू, आणि तिथे चुकीचं बटण दाबलंत तर चांगल्या सेव्हवर जुना सेव्ह बसतो.

एवढं सगळं येत असलेल्या माणसानं आईचा गेम कुकरच्या शिट्टीत उडवला.

फोनवर तर गोष्ट याहून सोपी आणि जास्त निर्दय आहे. अँड्रॉइडमध्ये प्रत्येक ॲपला स्वतःची बंद खोली मिळते. त्याची लेव्हल, नाणी, सेटिंग, सगळं त्या खोलीत. ॲप काढलं की सिस्टिम खोलीसकट पाडते. मागे फोल्डर उरत नाही. 'क्लिअर कॅशे' केलं तर फक्त केर जातो. 'क्लिअर डेटा' केलं तर ॲप राहतं आणि खोली रिकामी होते. आयफोनमध्ये २०१७ पासून 'ऑफलोड'ची सोय आहे, ॲप जातं आणि त्याचा डेटा थांबतो. अँड्रॉइड १० पासून डेव्हलपरला ॲपच्या मॅनिफेस्टमध्ये एक ओळ लिहिता येते, की माझ्याकडचा डेटा नाजूक आहे. मग अनइन्स्टॉल करताना फोन विचारतो, डेटा ठेवायचा का? ती ओळ नसेल तर प्रश्नच येत नाही. आणि खरं सांगायचं तर मी ऑफिसात ज्या ॲपवर काम करतो त्यातही ती मी लिहिलेली नाही. कधी कुणी मागितली नाही, मलाही सुचली नाही.

एक आशा होती. अँड्रॉइड ६ पासून ॲपचा डेटा, प्रत्येकी २५ एमबीपर्यंत, आपोआप गूगलच्या खात्यात जाऊन बसतो. गेम परत टाकला की तो परत यायला हवा. पण त्यासाठी डेव्हलपरनं ते बंद केलेलं नसावं, फोनमध्ये बॅकअप चालू असावा, आणि एरवी फोन निवांत पडलेला आणि वायफायवर असावा लागतो. मी आईच्या सेटिंगमध्ये गेलो. बॅकअप बंद. तो मीच बंद केला होता. फोन नवीन घेऊन दिला त्या दिवशी, "उगाच नेटपॅक संपेल," असं म्हणून. घरी वायफाय आलं ते त्यानंतर दीड वर्षानं, आणि तेव्हा ते बटण परत चालू करायचं कुणाला आठवणार?

गेमनं आईला सुरुवातीला लॉगिन विचारलं असणार. तिनं 'नंतर' दाबलं असणार. अनोळखी ठिकाणी काही भरायचं नाही, हेही मीच शिकवलेलं.

"जाऊ दे रे," आई म्हणाली. "खेळच आहे."

मग बाबा म्हणाले, "आईंच्या वेळचा आहे तो." आई म्हणजे माझी आजी.

आजी चौदा महिने अंथरुणावर होती. खुब्याचं हाड मोडलं आणि ती उठलीच नाही. दर दोन तासांनी तिची कूस बदलायला लागायची, नाहीतर पाठीला जखमा होतात. दिवसा एक मावशी यायच्या, रात्र आईची. मी तेव्हा पुण्यात होतो, रविवारी फोन करायचो, आई सांगायची सगळं ठीक आहे. रात्री डोळा लागू नये म्हणून ती काय करते हे मी कधी विचारलं नव्हतं. आवाज बंद करून, उजेड कमी करून ती खडे जुळवायची. एक लेव्हल लागली की उठून आजीकडे बघून यायची. पाच जीव संपले की अर्धा तास थांबावं लागतं. तेवढ्यात ती औषधांच्या वाट्या भरून ठेवायची.

दुसऱ्या दिवशी मी फराळाचे डबे काढायला माळ्यावर चढलो, तर तिथे त्या वर्षाचं कालनिर्णय गुंडाळून ठेवलेलं. आमच्याकडे जुनी कालनिर्णयं टाकत नाहीत, त्यांच्या मागे हिशोब असतात. दुधाचे खाडे, गॅसची तारीख, आजीची साखर, कॅथेटर बदलल्याच्या खुणा. आणि मध्येच, काही चौकोनांत, पेन्सिलीनं गोल करून नुसते आकडे. ३००. ५००. एका शनिवारी ७५०. मी खाली येऊन विचारलं, तर आई चिवड्याला फोडणी देत होती. म्हणाली, "तेवढंच काहीतरी पुढे सरकत होतं बाई घरात."

आजी गेली त्या महिन्याच्या पानावर आकडा नव्हता. पुढचे पाचशेसाठ तिनं कधी खेळले, ते मी विचारलं नाही.

मी गेमवाल्यांना मेल लिहिला. तीन दिवसांनी उत्तर आलं, पाहुणा म्हणून खेळलेल्यांची प्रगती आमच्याकडे नसते. बरोबरच आहे, मीही हेच लिहिलं असतं. मग मी गुपचूप दुसरा उद्योग मांडला. लॅपटॉपवर गेमची फाइल उलगडून बघितली, लेव्हलचा आकडा कुठे लिहिला जातो ते शोधायला लागलो. एक साधा आकडा, आणि शेजारी तो कुणी हातानं बदलू नये म्हणून केलेला बंदोबस्त. दोन रात्री घालवल्या असत्या तर कदाचित जमलंही असतं. आईला सांगितलं, तेराशे बारा परत लिहून देतो. ती माझ्याकडे बघून हसली. "तू लिहिलेले घेऊन काय करू?"

लॅपटॉप मिटला. तिचं लॉगिन करून दिलं, बॅकअप चालू केला, पुण्याला परतलो.

संक्रांतीला गेलो तर ती शहाऐंशीवर होती. सुरुवातीच्या फार सोप्या आहेत म्हणाली, वैताग येतो, पण त्या टाळून पुढे जाता येत नाही. आता रात्री खेळत नाही, दुपारी कामं आवरली की. मी म्हटलं, शेवटचा बॅकअप कधीचा आहे ते बघू दे जरा. तिनं सेटिंग स्वतः उघडलं, फोन दोन्ही हातांत घट्ट धरला आणि स्क्रीन माझ्याकडे वळवली.

"लांबूनच बघ," म्हणाली.

काल रात्रीची तारीख होती.