खिडकी नसलेल्या भिंती

बर्लिनच्या क्रॉइत्सबर्ग भागात रस्त्यावरची चित्रं दाखवत फिरवणारे गाइड पुष्कळ आहेत आणि त्यांना विचारले जाणारे प्रश्नही जवळपास ठरलेले. एवढ्या उंचावर चढले कसे, रंगवायला किती दिवस लागले, पोलिसांनी धरलं नाही का, पैसे कोणी दिले. यांतला एकही प्रश्न भिंतीविषयी नसतो. पाच मजले उंच, या टोकापासून त्या टोकापर्यंत सपाट, आणि तिला एकही खिडकी नाही. माणसं राहतात त्या घराला अशी भिंत असते कशी, हे कोणाला खटकत नाही, आणि मला नेमकं तेच खटकतं. उजेडासाठी लोक जादा भाडं मोजतात अशा शहरात एक अख्खी बाजू आंधळी ठेवायला काही कारण असणार. ते कारण न सांगता चित्रासमोर उभं करणारा गाइड अर्धंच चित्र दाखवतो, असं माझं म्हणणं आहे. चित्रकार शेवटी येतो. त्याच्या आधी भिंत कोरी राहावी लागते, आणि शहरात कोणतीही भिंत आपसूक कोरी राहत नाही.

बर्लिनच्या या भिंतींचं मूळ आगीच्या भीतीत आहे. एकोणिसाव्या शतकात गावोगावचे मजूर या शहरात लोटले आणि त्यांच्यासाठी पाच-पाच मजल्यांच्या चाळी उठल्या. एका चाळीमागे दुसरी, तिच्यामागे तिसरी, मधे हौदासारखी अंगणं. १८५३ च्या बांधकाम नियमांत अंगण निदान ५.३४ मीटर लांब आणि तितकंच रुंद असावं अशी अट होती, ती माणसांना हवा मिळावी म्हणून नव्हती, आगीचा बंब आत वळावा म्हणून होती. पुढे १८६२ मध्ये होब्रेख्ट या अभियंत्याचा नगरआराखडा आला, रस्ते रुंद झाले, त्यांच्यामधले मोठमोठे चौकोन मालकांनी चाळींनी भरून काढले. जागेच्या हद्दीवर जी भिंत येईल तिला भोक पाडायचं नाही, म्हणजे एका घराची आग शेजारी जाणार नाही. ही आगभिंत कोणी पाहावी म्हणून बांधलेलीच नव्हती. तिला पाठ टेकून दुसरं घर उभं राहणार हे गृहीत होतं. पंगतीतला शेजारी अर्ध्यावरून उठून गेला की आपली कूस जशी उघडी पडते, तशी ती भिंत दुसऱ्या महायुद्धातल्या बॉम्बफेकीनंतर उघडी पडली. जे युद्धातून वाचलं त्यातलं बरंच साठ-सत्तरच्या दशकांत ‘जुनं पाडा, नवं बांधा’ या सरकारी उत्साहात गेलं. व्हिक्टर ॲश याने २००७ मध्ये क्रॉइत्सबर्गमधल्या अशाच एका आगभिंतीवर काळ्या रंगात अंतराळवीर काढला, अधांतरी तरंगणारा. गाइड त्याच्यासमोर शीतयुद्धातल्या अंतराळस्पर्धेबद्दल बोलतात, ते रास्तच आहे. पण तो तरंगतो आहे ती पोकळी आधी जमिनीवर तयार झालेली होती.

याच शहरातली दुसरी भिंत तर अवघ्या जगाला ठाऊक आहे, आणि तिच्यावरच्या चित्रांइतका गैरसमज क्वचितच दुसऱ्या कशाबद्दल असेल. १३ ऑगस्ट १९६१ ला पूर्व जर्मनीने तारेचं कुंपण घातलं, त्याची पुढे भिंत झाली, आणि ती भिंत पुनःपुन्हा सुधारून बांधली गेली. १९७५ नंतर जे काँक्रीटचे तुकडे बसवले गेले ते सुमारे ३.६ मीटर उंच आणि १.२ मीटर रुंद होते, वर गोल पाइप, पृष्ठभाग गुळगुळीत. बोटं अडकू नयेत, चढता येऊ नये, हा त्यातला हेतू. आधीची ओबडधोबड विटांची आणि तारांची भिंत रंगवायला फारशी कामाची नव्हती. ही मात्र ताणून बसवलेल्या कॅनव्हाससारखी निघाली. चित्रकाराची सोय पळून जाणाऱ्याला रोखणाऱ्यांनी केली. थिएरी न्वार हा फ्रेंच तरुण १९८४ पासून तिच्यावर लांबुळकी, जाड ओठांची तोंडं रंगवू लागला. पुष्कळांना वाटतं की पश्चिमेकडची बाजू म्हणजे पश्चिम बर्लिनची मालमत्ता, तिथे काहीही करायला मोकळीक. प्रत्यक्षात भिंत हद्दीच्या थोडी आत, पूर्व जर्मनीच्या जमिनीवर उभी होती. म्हणजे ब्रश घेऊन तिच्यापाशी उभा राहिलेला माणूस परक्या देशात उभा असे. नोव्हेंबर १९८६ मध्ये हे फार कठोरपणे सिद्ध झालं. पूर्वेतून पश्चिमेला आलेल्या पाच तरुणांनी भिंतीवरून एक सलग पांढरी रेघ ओढायला घेतली, मधे येतील त्या सगळ्या चित्रांवरून. रंगीबेरंगी चित्रांमुळे भिंतीची दहशत मऊ पडते आहे, ती बघायला येण्याचं ठिकाण होऊन बसली आहे, असा त्यांचा राग होता. दुसऱ्या दिवशी भिंतीतलं एक छोटं दार उघडलं, पूर्वेचे सैनिक बाहेर आले आणि पाचांपैकी एकाला आत ओढून घेऊन गेले. त्याला तुरुंगात जावं लागलं. पश्चिमेच्या बाजूने हाकेच्या अंतरावर लोक होते, आणि कोणाला काही करता येण्यासारखं नव्हतं. मला या प्रसंगात सगळ्यात विचार करायला लावते ती त्या रेघेची दिशा. ती सत्तेइतकीच चित्रांच्याही विरोधात होती. भिंतीवर चित्र काढणं म्हणजे बंड, हे समीकरण इतकं रुळलं आहे की चित्रामुळे भिंत सुसह्य होते आणि मग टिकते, ही शक्यता सहसा मनात येत नाही. आज लोक आवर्जून जातात ती ईस्ट साइड गॅलरी तर भिंत पडल्यानंतरची, १९९० ची. तेराशे मीटरांच्या त्या पट्ट्यावर २१ देशांतल्या ११८ चित्रकारांनी काम केलं, ते पूर्वेकडच्या बाजूवर. आदल्या वर्षापर्यंत त्या बाजूला कोणी खडूची रेघही ओढू शकत नव्हतं. गाइडने फक्त बाजू कोणती एवढं सांगितलं तरी तिथली निम्मी चित्रं वेगळी दिसू लागतील.

यावर पहिला आक्षेप उघड आहे. लोक चित्रं पाहायला आले आहेत, सातबारा वाचायला नाहीत. रंग, रेषा, आकार यांचा आनंद घ्यायला मालकीचा इतिहास कशाला हवा? हा आक्षेप मी हलका मानत नाही, कारण माहितीखाली चित्र दडपून टाकणारे गाइडही असतात. पण भिंतीवरच्या चित्रात आकार आणि जागा वेगळे काढता येत नाहीत. दिल्लीची लोधी कॉलनी पाहा. १९४० च्या दशकात सरकारी नोकरांसाठी बांधलेली घरं, सारख्या उंचीची, प्रत्येक बाजूला मधोमध कमान. २०१५ च्या सुमारास स्टार्ट इंडिया या संस्थेने तिथे देशोदेशींचे चित्रकार आणले, आणि प्रत्येकाला त्या कमानीशी झटावं लागलं. कोणी तिला तोंड केलं, कोणी दार, कोणी तिच्याभोवती झाड वाढवलं. मालक एकच, सरकार. परवानगी एकाच खिडकीतून आलेली. म्हणून सलग एवढ्या भिंती मिळाल्या आणि म्हणूनच त्यांच्यात एक कवायतीची शिस्तही राहिली. हे चित्राबाहेरचं ज्ञान आहे असं मला वाटत नाही. परवानगीने चित्र उणं होतं असंही नाही. अजिंठ्याच्या सोळाव्या लेण्याबाहेर शिलालेख आहे. वाकाटक राजा हरिषेणाचा मंत्री वराहदेव याने ते करवून घेतलं, हे तिथल्या दगडावरच वाचता येतं. त्या लेण्याच्या भिंतीने आपला आश्रयदाता लपवलेला नाही.

मुंबईत हा प्रश्न निराळ्या तऱ्हेने येतो, कारण इथे कोरी भिंत मुळात दुर्मीळ. जिथे हात पोचतो तिथे खिडकी, खिडकीला जाळी, जाळीबाहेर कपड्यांची दोरी आणि तुळस. उरतात त्या कुंपणाच्या, रेल्वेच्या आणि सरकारी कचेऱ्यांच्या भिंती. त्या उरल्या म्हणून त्यांच्यावर कोणाची तरी नजर सतत असते. पान खाणाऱ्याची, पोस्टर लावणाऱ्याची, आडोसा शोधणाऱ्याची. मग खालच्या अंगाला देवांच्या फरशा बसतात, शंकराशेजारी येशू आणि मक्का, सर्वधर्मसमभावाचं इतकं रोकडं उदाहरण दुसरीकडे सापडणार नाही. वर ‘जाहिराती लावू नयेत’ अशी सूचना, जी स्वतः निम्मी भिंत खाते. मालमत्तेच्या विद्रूपणाला आळा घालणारा कायदा राज्यात १९९५ पासून आहे, आणि अलीकडे स्वच्छ सर्वेक्षणाच्या धास्तीने नगरपालिका स्वतःच भिंती रंगवून घेतात. पाणी वाचवणारा हसरा थेंब, झाडाला मिठी मारणारी मुलगी आणि उड्डाणपुलाखाली ओळीने नाचणाऱ्या वारली आकृत्या. या शेवटच्यांचा मला मनापासून कंटाळा आला आहे. वारली घरात लग्नाचा चौक सवाशिणी तांदळाच्या पिठाने लिहितात. त्याला घर लागतं, लग्न लागतं. उड्डाणपुलाच्या खांबाला यांतलं काही नाही. मुंबईतल्या चांगल्या टूर वांद्र्याच्या चॅपल रोडवर आणि रणवारच्या गल्ल्यांत जातात. तिथली चित्रं लहान, कारण घरं बैठी, आणि घरं बैठी राहिली कारण तो मूळचा ईस्ट इंडियन लोकांचा गाव होता, शहर नंतर त्याच्याभोवती चढत गेलं. तो गाव दाखवत नसाल तर चित्राशेजारी फोटो काढून घेण्याची ती एक रांग आहे, आणि देवदूताचे पंख रंगवलेली भिंत त्या रांगेसाठी पुरेशी होती.

दुसरा आक्षेप अधिक वजनाचा. कोऱ्या भिंतीची करुण कहाणी सांगणं ही बाहेरच्यांची चैन आहे, तिथे राहणाऱ्याला रंग हवा, गिऱ्हाईक हवं, वस्तीचं नाव बदलायला हवं. कोलंबियातल्या मेदेयीन शहराचा कोमुना १३ हा डोंगरउतारावरचा भाग याचं सगळ्यात बोलकं उदाहरण. ऑक्टोबर २००२ मध्ये लष्कर आणि पोलिसांनी तिथे ‘ओरियन’ नावाची कारवाई केली, हेलिकॉप्टरसकट. २०११ मध्ये उतारावर उघडे सरकते जिने बसले, त्यांच्या दुतर्फा चित्रं आली, आणि वस्तीतलीच तरुण मुलं गाइड झाली. आज तिथे गर्दीने चालवत नाही. हा पैसा खोटा नाही आणि तो मिळू नये असं म्हणण्याचा अधिकार कोणाला नाही. पण त्या गाइडांमधले अनेकजण जे करतात तेच माझ्या बाजूचं प्रमाण आहे: जिन्यावर उभं राहून ते समोरच्या डोंगरावरचा राडारोड्याचा ढिगारा दाखवतात, ला एस्कोम्ब्रेरा. गायब झालेली आपली माणसं तिथे पुरली आहेत असं वस्तीतल्या आया वर्षानुवर्षं सांगत होत्या. डिसेंबर २०२४ मध्ये तिथे पहिले मानवी अवशेष सापडले. लगोलग जानेवारीत शहरात एका भिंतीवर ‘म्हाताऱ्या खरं बोलत होत्या’ अशा अर्थाचं मोठं चित्र उमटलं आणि पालिकेने त्यावर करडा रंग फासला. जी पालिका चित्रांच्या जोरावर जगाला बोलावते तिनेच. म्हणजे राहणाऱ्यांना रंग हवा असतो हे खरं, आणि कोणता रंग चालेल हे भिंतीचा मालक ठरवतो हेही तितकंच खरं.

पुसणारा दर वेळी मालकच असतो असंही नाही. क्रॉइत्सबर्गमध्ये श्प्रे नदीजवळ एका मोकळ्या भूखंडाकडे तोंड करून ब्लू या इटालियन चित्रकाराची दोन प्रचंड चित्रं होती, २००७ आणि २००८ ची. एकात दोन आकृत्या एकमेकांचे मुखवटे ओढताहेत. दुसऱ्यात मुंडकं नसलेला टायवाला माणूस, मनगटांवर सोन्याची घड्याळं, आणि ती घड्याळं साखळीने जोडलेली. बर्लिनची खूण म्हणून ती पोस्टकार्डांवर गेली. मोकळ्या जागेवर बेघरांची खोपटी होती, ती २०१४ च्या सप्टेंबरात आगीनंतर रिकामी झाली, तिथे बांधकाम होणार हे पक्कं झालं. डिसेंबरात एका रात्री माणसांनी दोन्ही चित्रं काळी करून टाकली, तीही ब्लूच्या संमतीने. ज्या शहराविरुद्ध चित्र बोलत होतं त्याच शहराची किंमत ते वाढवू लागलं, तेव्हा ते काढून घेतलं. यावर कोणी म्हणेल की हा अहंकार झाला, चित्र एकदा रस्त्यावर आलं की ते सगळ्यांचं. असेल. न्यू यॉर्कच्या फाइव्ह पॉइंट्झ या चित्रांनी भरलेल्या इमारतीत उलटं घडलं: मालकाने २०१३ मध्ये रातोरात भिंतींवर पांढरा रंग मारला, आणि २०१८ मध्ये न्यायालयाने २१ चित्रकारांना साडेसदुसष्ट लाख डॉलर भरपाई द्यायला लावली. चित्र कोणाचं यावर कायदा आता बोलू लागला आहे. भिंत कोणाची, यावर त्याचं आधीपासूनच मत होतं.

वांद्रे रेक्लमेशनला एमटीएनएल या सरकारी टेलिफोन कंपनीची एक थोराड इमारत आहे. रणजित दहिया यांनी २०१४ मध्ये तिच्यावर दादासाहेब फाळके रंगवले. हे दहिया मूळचे हरयाणाचे, एके काळी घरांना चुना लावण्याची कामं केलेले. पुढे हिंदी सिनेमाची चित्रं मुंबईच्या भिंतींवर आणण्याचा प्रकल्प त्यांनी हाती घेतला. गाइड इथे फाळके आणि १९१३ चा ‘राजा हरिश्चंद्र’ सांगतो, चित्र किती मोठं ते सांगतो आणि पुढे निघतो. इमारतीबद्दल थोडं बोलला तर बिघडणार नाही. टेलिफोनसाठी वर्षानुवर्षं प्रतीक्षा यादीत नाव असण्याचा काळ या शहरात होता, आणि १९८६ मध्ये ही कंपनी निघाली ती त्याच रांगेच्या तोंडावर. पुढे मोबाइल आला, रांग संपली, कंपनी कर्जात गेली. २०१९ पासून तिच्या मालमत्ता विकून पैसा उभा करण्याची सरकारी योजना चालू आहे. वांद्र्यातला जमिनीचा भाव काय आहे हे मुंबईतल्या कोणत्याही टूरमधल्या निम्म्या लोकांना गाइडपेक्षा जास्त ठाऊक असतं.