रेल की मिरखेल

मोडी कागद समोर आला की मी लगेच वाचत नाही, नुसता बघत बसतो. मोडीत आधी ओळभर शिरोरेघ ओढायची आणि मग बोरू शक्यतो न उचलता तिच्याखाली अक्षरं लिहीत जायचं. शब्दांत फट नाही, विरामचिन्हं नाहीत, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही. शब्द कुठं संपला ते वाचणाऱ्यानंच ठरवायचं. अंदाजाशिवाय इथं ओळ सरकत नाही.

आणि अंदाजालाही गाव असतं. पूर्णा म्हणजे परभणी, नांदेड, अकोला या तिन्हीकडच्या रुळांचं जंक्शन. इथल्या पोरांच्या कानात गाडी जन्मापासून. कसरीनं खाल्लेल्या ओळीत शेवटचा 'ल' आणि त्याआधीची मात्रा एवढंच उरलं, की शिकाऊ मुलं बेधडक 'रेल' वाचतात. मी सन बघायला सांगतो. हा निजामी मुलूख, म्हणून फसली सन : १२९०. त्यात ५९० मिळवले की इसवी १८८०. मनमाड-सिकंदराबाद लोहमार्ग इकडं आला १९०० च्या सुमारास. मग ही रेल कुठली? मजकूर शेताच्या चतुःसीमेचा आहे, तिथं गावाचं नाव हवं. परभणीच्या वाटेवरचं मिरखेल चपखल बसतं. पण नुसतं बसतं म्हणून लिहायचं नाही. त्याच हाताचा 'ख' त्याच कागदात शोधायचा, 'खत' या शब्दात तो सापडतोच, आणि उरलेल्या शाईच्या टोकाशी ताडून बघायचा.

ठरीव मजकुराची मला जास्त भीती वाटते. 'कारणे लिहून दिले ऐसे जे' इथं डोळा वाचत नाही, आठवतो. त्याच ओघात पुढची रक्कम आणि नावही तो आठवू लागतो. तिथं मी बोट ठेवून एकेक अक्षर सोडवतो.

सगळ्यात जड असतो तो समोरच्या माणसाचा अंदाज. वारसाला कागदात 'गहाण' हवं असतं. जमीन कायमची विकलेली नव्हती, हे त्यानं घरी लहानपणापासून ऐकलेलं असतं. त्याची हकीकत आधी ऐकली तर झिजलेल्या घडीवर मलाही 'गहाण'च दिसू लागेल. म्हणून पहिलं वाचन मी एकट्यानं करतो, हकीकत नंतर. जे अक्षर ताडून मिळत नाही ते चौकटी कंसात, पुढं प्रश्नचिन्ह. लोक नाराज होतात. 'पण तुम्हाला काय वाटतं?' असं विचारतात. वाटतं ते मी तोंडी सांगतो. लिप्यंतरात कंस तसाच राहतो.