येरळेकाठचा दुष्काळ आणि पेरूचे पेंग्विन

साताऱ्याहून कोरेगाव, पुसेगाव, वडूज, मायणी, विटा आणि तासगाव करत सांगली गाठायची, ही वाट पावसाच्या हिशेबाने पाहण्यासारखी आहे. महाबळेश्वरला वर्षाकाठी पाच हजार मिलिमीटरच्या वर कोसळणारा पाऊस वडूजच्या अंगाला येईतो पाचशेच्या आसपास उरतो. उसाचे फड मागे पडतात. बोडके माळ, बाभळी, मेंढरांचे कळप सुरू होतात. अक्षांश तोच असतो, पण सह्याद्रीने ढग आधीच रिते केलेले असतात. नकाशावरच्या आडव्या रेघांवरून हवामान ओळखता येत नाही, हे खटाव तालुक्यात जितकं उघड दिसतं तितकं क्वचितच कुठे दिसत असेल. म्हणूनच विषुववृत्तावर पेंग्विन राहतात याचं मला इथून जाताना नवल वाटत नाही. मायणी-येरळवाडीच्या तलावांवर हिवाळ्यात उतरणाऱ्या रोहित पक्ष्यांचे भाऊबंद बोलिव्हियात चार हजार मीटर उंचीवरच्या खाऱ्या सरोवरांत, गोठवणाऱ्या रात्री काढतात. आणि त्याच खंडात, पेरूच्या वाळवंटी किनाऱ्यावर हंबोल्ट पेंग्विन पिल्लं वाढवतो. पक्षी पारा पाहून घर करत नाही, अन्न पाहून करतो.

यावर कोणी म्हणेल, मग मुंबईच्या राणीच्या बागेत २०१६ साली सोलहून आणलेल्या हंबोल्ट पेंग्विनांना सोळा-अठरा अंशांची वातानुकूलित खोली कशाला? तर पेरूच्या किनाऱ्याला ऊन असलं तरी पाणी गार असतं. दक्षिणेकडून येणारा प्रवाह आणि खोल तळातून वर येणारं थंड पाणी मासळी पोसतं, आणि तेच पाणी पेंग्विनचं अंग निववतं. मुंबईच्या कोमट समुद्रात यातलं काहीच नाही. उन्हाचा त्रास पेंग्विनलाही होतोच. विषुववृत्तावरच्या गॅलापागोस बेटांचा पेंग्विन काळ्या खडकावर चोच उघडी टाकून धापा टाकतो, पाय भाजू नयेत म्हणून पंख पुढे झुकवून त्यांच्यावर सावली धरतो. पण तो मरतो प्रामुख्याने उपासमारीने. १९८२-८३ च्या एल निनोत (प्रशांत महासागराचं पाणी अधूनमधून नेहमीपेक्षा तापतं, त्याला एल निनो म्हणतात) समुद्र तापला, मासे दुर्मिळ झाले आणि गॅलापागोसचे तीन-चतुर्थांश पेंग्विन संपले.

इथे खटावच्या येरळा नदीचा आणि त्या किनाऱ्याचा संबंध जुळतो. १९७२ साली पेरूचा समुद्र एल निनोने असाच तापला. बेसुमार मासेमारीची भर होतीच. तिथला अँकोव्ही माशांचा धंदा बसला. त्याच वर्षी आपल्याकडे पाऊस फिरकला नाही आणि माण, खटाव, आटपाडी, जतची माणसं खडी फोडायला, पाझर तलावांच्या मातीकामाला लागली. प्रत्येक एल निनो दुष्काळ आणतोच असं नाही; १९९७ चा फार मोठा होता, तरी देशात पाऊस सरासरीइतका झाला. म्हणून त्याला भाकीत मानू नये, पण धोका वाढतो एवढं मानायलाच हवं. टेंभू उपसा सिंचन योजनेचं पाणी आल्यावर विटा-आटपाडीला आता त्या दूरच्या समुद्राशी काय देणंघेणं, हा आक्षेप मला सर्वांत घातक वाटतो. कराडजवळ उचललेलं ते पाणी कृष्णेचंच आहे, आणि कृष्णा-कोयनेची धरणं भरतो तो मोसमी पाऊसच. प्रशांत महासागर तापू लागल्याची बातमी अनेकदा उन्हाळ्यातच येते. चाऱ्याची आणि आवर्तनांची आखणी तेव्हाच व्हावी, पावसाने ओढ दिल्यावर ऑगस्टमध्ये नव्हे.