देवाचा पत्ता

आमच्या घरातला एक देव मध्यंतरी कॉलेजात गेला. रिक्षातून, नातीच्या मांडीवर, माझ्या जुन्या पंच्यात गुंडाळून. निघताना सौभाग्यवतींनी त्याच्यावर बेलाचे पान ठेवले. प्रवासाला निघालेल्याच्या तळहातावर दही घालायची आमच्याकडे पद्धत आहे; पण या देवाला हात नसल्यामुळे ते दही माझ्या तळहातावर पडले आणि मी ते मुकाट्याने चाटले.

देव म्हणजे एक दगड. वीतभर लांब, मधे किंचित बारीक, एका टोकाला फुगलेला, रंगाने जुन्या चिंचेसारखा. साठ वर्षे तो आमच्या तुळशीपाशी होता. आधी सदाशिव पेठेतल्या वाड्यात वृंदावनाच्या कोनाड्यात, आणि वाडा पाडल्यावर तिसऱ्या मजल्याच्या गॅलरीत, प्लॅस्टिकच्या कुंडीत. देवाची अवनती झाली असे कुणी म्हणेल. पण अवनती वाड्यातल्या सगळ्याच बिऱ्हाडांची झाली. देवाने निदान तक्रार केली नाही.

हा आमच्या घरी आला कसा, ते सांगायला हवे. इतकी वर्षे मी ते कुणालाच धड सांगितले नव्हते.

१९६४ सालच्या मे महिन्यात मी बारा वर्षांचा होतो. माझे मामा जबलपूरला गन कॅरेज फॅक्टरीत नोकरीला होते आणि दर दोन वर्षांनी आमची सुट्टी त्यांच्याकडे जाई. मुंबईहून अलाहाबादमार्गे कलकत्त्याला जाणारी मेल, सोबत लाडवांचा डबा, फिरकीचा तांब्या आणि इंजिनाच्या कोळशाने डोळ्यांत गेलेले कण. जबलपूरचे ऊन म्हणजे काय असते हे ज्याने पाहिले नाही त्याला सांगून उपयोग नाही. दुपारी वाळ्याच्या पडद्यांवर पाणी मारून मामी आम्हां पोरांना अंधारात निजवीत, आणि आम्ही पोरे त्यांची झोप लागायची वाट पाहत पडून राहत असू.

मामांचा एकच सक्त हुकूम होता. बडा सिमला टेकडीकडे जायचे नाही. "तिकडे पाऊल टाकलेस तर पुढच्या मेलने पुण्याला धाडून देईन," असे ते मला हजामत करता करता आरशातून म्हणाले होते. का जायचे नाही, ते सांगितले नव्हते. त्या काळी मोठी माणसे कारणे देत नसत.

मी गेलो. मे महिन्याच्या दुपारी, अनवाणी. परत आलो तेव्हा सदऱ्याच्या ओच्यात हा दगड होता आणि दारात मामा उभे होते.

"कुठून आणलास?"

आदल्याच दिवशी सगळी मंडळी नर्मदेवर लमेटा घाटाला जाऊन आली होती. तेव्हा माझ्या तोंडून पटकन निघाले, "घाटावरून. काल आणला होता, पडवीत ठेवला होता."

मामांनी दगडाकडे पाहिले, माझ्या तापलेल्या पायांकडे पाहिले आणि काही न बोलता आत गेले. त्यांना कळले होते असे मला आज वाटते. पण खोटे एकदा बोलले गेले होते, आणि पुण्याला पोचल्यावर आईने विचारले तेव्हा तेच पुन्हा बोलावे लागले. "नर्मदेचा?" असे म्हणून तिने हात पुसले आणि दगड दोन्ही हातांनी घेतला. नर्मदेतला गोटा म्हणजे शंकराचा बाण. त्याला प्राणप्रतिष्ठासुद्धा लागत नाही. हा गोल नव्हता, गुळगुळीत नव्हता, बाणासारखा तर मुळीच नव्हता. पण मुलाने शेकडो मैलांवरून नर्मदेचा दगड आणावा यातच तिला सगळे मिळाले. त्या दिवसापासून १९९३ साली ती गेली तोवर, एकोणतीस वर्षे, त्या दगडाला रोज पाणी मिळाले. श्रावणी सोमवारी दूध. महाशिवरात्रीच्या आदल्या दिवशी राख आणि काथ्या घेऊन ती तो असा घासायची, की तांब्याच्या बंबाला हेवा वाटावा.

आईच्या मागे तो वसा सौभाग्यवतींकडे आला.

डिसेंबर २०२३ मध्ये वर्तमानपत्रात एक बातमी आली. मध्य प्रदेशात धार जिल्ह्यातल्या पाडल्या गावी शेतकरी ज्या गोल दगडांना 'काकर भैरव' म्हणून पिढ्यान्‌पिढ्या पूजत होते, नारळ फोडत होते, गुराढोरांचे रक्षण कर म्हणून विनवीत होते, ती म्हणे डायनोसॉरची अंडी निघाली. काकर म्हणजे शेत, त्याचा राखणदार तो भैरव. मी बातमी दोनदा वाचली आणि गॅलरीत जाऊन कुंडीकडे पाहिले. सौभाग्यवती म्हणाल्या, "अहो, असे काय बघता? उन्हात उभे राहू नका."

आमची नात कॉलेजात भूशास्त्र शिकते. तिने दगड हातात घेतला, टोके न्याहाळली आणि म्हणाली, "आजोबा, अंडे नाहीये हे." माझा चेहरा पडला असावा, कारण ती लगेच म्हणाली, "पण बाईंना दाखवू या."

बाई घरीच आल्या. चाळिशीच्या, चष्मा कपाळावर, पर्समध्ये भिंग. हाडाचा पाषाण झाला असेल तर तो सच्छिद्र असतो आणि ओल्या जिभेला चिकटतो, म्हणून ही मंडळी दगडाला जीभ लावून पाहतात, असे नातीने मला आधीच सांगून ठेवले होते. बाईंनी दगड तोंडाजवळ नेलाही. पण समोर सौभाग्यवती चहाचा ट्रे घेऊन उभ्या, त्यांचे डोळे पाहून बाईंनी तो खाली घेतला आणि भिंगावरच काम भागवले. मोडक्या टोकाशी स्पंजासारखी बारीक जाळी दिसत होती. मलाही दाखवली. "हाड आहे काका," त्या म्हणाल्या. "जबलपूरचे म्हणता, तर लमेटाच्या थरातले असणार. कुठे सापडले?"

साठ वर्षांनी तोच प्रश्न.

"लमेटा घाटावर," मी म्हणालो. पुढे मला वाक्य सुचेना. कारण माझ्या डोळ्यांसमोर घाट उभा राहिला होता: पायऱ्या, पाणी, आणि पाण्याच्या कडेला पडलेला हा दगड. अगदी स्वच्छ. जी गोष्ट घडलीच नव्हती ती मला दिसत होती. आणि टेकडीवर मी नक्की कुठे वाकलो, ते मात्र काही केल्या दिसत नव्हते.

बाईंनी चहा घेता घेता मला जे समजावले ते मी माझ्या शब्दांत सांगतो. आपला सगळा सह्याद्री ज्या काळ्या पत्थराचा आहे तो मुळात लाव्हा. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी तो थरावर थर पसरत गेला. पण पसरला तेव्हा खाली काहीतरी जमीन असणारच की! तीच ही. कुठे नदीची वाळू, कुठे तळ्याचा गाळ, कुठे उन्हाने तडकून चुन्याच्या गाठी धरलेली माती. लाव्ह्याने ती झाकली म्हणून ती राहिली. पुढे विंध्य आणि सातपुड्याच्या मधून नर्मदेने आपली वाट काढली आणि पाण्याने जिथे जिथे वरचा काळा पत्थर खरवडला तिथे तिथे ही झाकलेली जमीन कडेकपारीतून डोकावू लागली. जबलपूरजवळच्या घाटावर ती प्रथम नीट ओळखली गेली म्हणून नाव लमेटा. तेच थर तुटक तुटक पश्चिमेला धारवरून गुजरातेपर्यंत आणि दक्षिणेला आपल्या चंद्रपूर जिल्ह्यापर्यंत सापडतात.

चंद्रपूरचे नाव निघाल्यावर मी सरसावून बसलो. वरोऱ्याजवळ पिसदुरा म्हणून गाव आहे. तिथे डायनोसॉरच्या शेणाचे दगड झालेले गोळे मिळतात. अशा गोळ्यांत आपल्या शास्त्रज्ञांना गवताचे सूक्ष्म, काचेसारखे कण सापडले, ते २००५ साली प्रसिद्ध झाले. तोवर समज असा, की डायनोसॉर होते तेव्हा जगात गवत नव्हतेच म्हटले तरी चालेल. पिसदुऱ्याच्या शेणाने तो समज मोडला. भाताच्या दूरच्या भाऊबंदांचेही कण त्यात निघाले. सौभाग्यवतींनी हे ऐकून फक्त "अगंबाई" म्हटले, पण शेणाविषयीचा त्यांचा आदर मुळातच मोठा आहे.

आणि जबलपूर? ठगांचा बंदोबस्त करणारा स्लीमन आपल्याला माहीत असतो. तो जबलपूरला असताना, १८२८ साली, त्याला हाडांचे दगड मिळाले. कुठे? बडा सिमला टेकडीवर! 'डायनोसॉर' हा शब्दच निघाला १८४२ साली. म्हणजे स्लीमनच्या हातात काय होते ते सांगणारा शब्दसुद्धा तेव्हा जगात नव्हता. ते मणके कलकत्त्याला गेले, आणि १८७७ साली लिडेकर या शास्त्रज्ञाने त्यांवरून त्या प्राण्याचे नाव ठेवले टायटॅनोसॉरस इंडिकस. मग ते हरवले. जंगलात नाही, कपाटांत! आपल्या देशात वस्तू ठेवल्यासारखी दुसरी हरवण्याची जागा नाही. २०१२ साली कोलकात्यालाच, भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या संग्रहात त्यांचा पुन्हा शोध लागला. मधल्या काळात, १९१७च्या सुमारास, मॅटली नावाच्या साहेबाने त्याच टेकडीवर खणून मोठमोठ्या डायनोसॉरांची हाडे काढली होती. मामांनी ज्या टेकडीवर जाऊ नको म्हटले ती ही टेकडी. हजामतीच्या आरशातून त्यांनी एवढे जरी सांगितले असते!

"पण जागेचे एवढे काय?" मी विचारले. "हाड ते हाड."

यावर बाईंनी एक हकीकत सांगितली. १९८०च्या दशकात धनंजय मोहबे यांना गुजरातेत, याच थरात, डायनोसॉरच्या अंड्यांचे घरटे मिळाले. त्यांनी अंडी सुटी केली नाहीत. दगडाचा तो चिरा होता तसा राखला. अंड्यांजवळची बारीक हाडे पिल्लाची असावीत असा तेव्हा समज झाला. पुढे २००१ साली जेफ्री विल्सन या अमेरिकन शास्त्रज्ञाने तो चिरा पाहिला आणि त्यातले काही मणके सापाचे आहेत हे ओळखले. साडेतीन मीटर लांबीचा साप, फुटक्या अंड्याभोवती वेटोळे घालून, आणि शेजारी नुकते बाहेर पडलेले पिल्लू. साप घरट्यावर टपून बसलेला असतानाच वरून वाळू-चिखल आला आणि तिघे तसेच राहिले. २०१० साली त्याला सनाजेह इंडिकस हे नाव मिळाले. "कुणी अंडे एका पिशवीत आणि मणके दुसऱ्या पिशवीत भरून नेले असते," बाई म्हणाल्या, "तर आज आपल्याकडे एक अंडे असते आणि एक साप असता. गोष्ट नसती."

"मग याला चिकटलेली माती बघा ना," मी म्हणालो. "तीवरून कळेल."

बाईंनी दगड उजेडात फिरवला. खळग्यांतूनसुद्धा तो लख्ख होता. "कुणी साफ केला हो इतका?"

मी काही बोललो नाही. सौभाग्यवती म्हणाल्या, "आमच्या सासूबाई." आणि जरा अभिमानाने, "आता मी."

राखेने आणि काथ्याने, साठ महाशिवरात्री.

त्या रात्री मी जबलपूरला मामेभावाला फोन लावला. तो माझ्याहून दोन वर्षांनी मोठा, मामांच्या मागे तिथेच राहिलेला. मी त्याला सगळे खरे सांगितले, टेकडीचेही. तो बराच वेळ हसला आणि म्हणाला, "अरे, तू टेकडीवर पोचलासच कुठे? पाय भाजले म्हणून अर्ध्या वाटेवरून रडत परत आलास. तो दगड मी तुला दिला. आमच्या क्वार्टरमागे रस्त्याच्या खडीचा ढीग होता, त्यातला."

"कसा शक्य आहे?"

"मग पाहा," तो म्हणाला. "तुला घाट आठवतो तो खोटा, हे तूच म्हणतोस. मग टेकडी तेवढी खरी कशावरून?"

थंडीत मी नातीला घेऊन जबलपूरला जाऊन आलो. घाटावर तिने मला थर दाखवले: खाली हिरवट वालुकाश्म, वर चुनखडीचे पांढुरके पट्टे, आणि माथ्यावर आपला ओळखीचा काळा पत्थर, पुण्याच्या कुठल्याही टेकडीवर असतो तसा. टेकडीकडेही गेलो, शहर आता चहूकडून तिला भिडले आहे. क्वार्टरच्या मागे तर ढीगही नव्हता आणि क्वार्टरही. तिन्ही ठिकाणी मी उभा राहिलो. नातीने तिन्ही ठिकाणी धीराने विचारले, "आजोबा, काही आठवते?" मला मामांचा फेसाने माखलेला चेहरा तेवढा आठवत होता.

कॉलेजात दगडाला पुठ्ठ्याची पेटी मिळाली. पेटीवर चिठ्ठी लावतात. जागेपुढे बाईंनी लिहिले, 'जबलपूर परिसर, नेमके स्थान अनिश्चित'. "संशोधनाला फार नाही, पण मुलांना हाडाची जाळी दाखवायला उत्तम आहे," असे त्या मला वाईट वाटू नये म्हणून म्हणाल्या. चिठ्ठीवर 'कोणी मिळवला' असाही एक रकाना होता. माझे नाव घालावे की मामेभावाचे, यावर थोडी चर्चा झाली. मी म्हटले, आईचे घाला. बाई म्हणाल्या, तसे चालत नाही. शेवटी रकाना कोराच राहिला.

पुढच्याच आठवड्यात मुलांनी साच्यातून त्या हाडाची प्लास्टरची हुबेहूब प्रत काढून घरी पाठवली. रंगही दिला होता, जुन्या चिंचेचा. सौभाग्यवतींनी ती दोन दिवस टीव्हीवर ठेवली, मग कपाटात.

"कुंडीत का नाही ठेवत?" मी विचारले.

"पाणी घातले की विरघळेल," त्या म्हणाल्या.

रोज सकाळी तुळशीला पाणी घालताना तांब्यात थोडे उरवून त्या कुंडीच्या उजव्या अंगाला, जिथे तो असायचा तिथे, घालतात. तिथली माती आता खोलगट झाली आहे.