‘समजले’ म्हणून सही

उर्दूत ज्याला ‘नजरबंद’ म्हणतात त्याला सरकारी मराठीत ‘स्थानबद्ध’ म्हणतात. मराठीतली नजरबंदी वेगळी. ती जादूगाराची, डोळ्यांदेखत वस्तू नाहीशी करण्याची. उर्दू शाळेत मुलांना दोन्ही भाषा शिकवताना आम्हाला या शब्दांची गंमत वाटायची.

वरच्या वर्गांना आम्ही मौलाना आझादांच्या ‘गुबार-ए-खातिर’ची ओळख करून देतो. ऑगस्ट १९४२ ते एप्रिल १९४५ मौलाना अहमदनगरच्या किल्ल्यात बंद होते. तिथे लिहिलेली पत्रे टपालात पडू शकली नाहीत, १९४६ साली त्यांचे पुस्तक झाले. दरवर्षी कोणीतरी विचारतोच, “सर, मौलानांवर केस कोणती होती?” केस नव्हतीच. खटला नाही, शिक्षा नाही. पुढे काही करतील म्हणून आधीच आत. मुले म्हणतात, ते इंग्रजांचे राज्य होते.

राज्य गेले, कायद्याची ती रीत राहिली. संविधानाच्या २२ व्या कलमाने अटक झालेल्या माणसाला वकील दिला, २४ तासांत दंडाधिकाऱ्यासमोर उभे राहण्याचा हक्क दिला. आणि त्याच कलमाने प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेतल्या माणसाला या दोन्हींतून वगळले. सप्टेंबर १९४९ मध्ये डॉ. आंबेडकरांनी ही तरतूद संविधान सभेत मांडली तेव्हा तिच्यावर कडाडून टीका झाली. ती टीका रास्त होती. पण बाबासाहेबांनी बंद दाराला काही फटी ठेवल्या, हेही खरे. सल्लागार मंडळाच्या संमतीशिवाय तीन महिन्यांपलीकडे ठेवायचे नाही, पकडण्याची कारणे लवकरात लवकर कळवायची आणि त्याविरुद्ध म्हणणे मांडण्याची संधी द्यायची.

या फटीसुद्धा बुजतात. आणीबाणीत जमाअते इस्लामी आणि संघ या दोहोंवर बंदी आली, दोन्हीकडची माणसे ‘मिसा’खाली तुरुंगात गेली. २८ एप्रिल १९७६ रोजी सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध एक मतांनी सांगितले की आणीबाणी असेपर्यंत त्यांना न्यायालयाचे दारही ठोठावता येणार नाही. विरोधात एकटे न्या. खन्ना. बहुमतात न्या. यशवंतराव चंद्रचूड होते. ऑगस्ट २०१७ मध्ये नऊ न्यायमूर्तींच्या पीठाने तो निकाल चुकीचा ठरवला, आणि तसे लिहिणाऱ्यांत त्यांचेच चिरंजीव होते. वाचायला हे फार छान वाटते. मधली एक्केचाळीस वर्षे मात्र कोणी मोजत नाही. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीत तीन महिन्यांचे दोन महिने करण्याचे ठरले होते. ते कलम अमलात आणण्याची अधिसूचना अजूनही निघालेली नाही.

हे सारे आम्ही पुस्तकातून शिकलो. कागद हातात आला तो वेगळ्या वाटेने.

आमच्या मोहल्ल्यातील एका पोराला ‘एमपीडीए’खाली स्थानबद्ध केले. झोपडपट्टीदादा, हातभट्टीवाले, धोकादायक व्यक्ती अशांसाठी महाराष्ट्राने १९८१ साली केलेला हा कायदा. त्याखाली बारा महिन्यांपर्यंत आत ठेवता येते. पोरगा काही फरिश्ता नव्हता. हाणामारीचे गुन्हे त्याच्यावर होते, आणि त्याच्यापासून आपल्या मुलांनी दूर राहावे असेच आम्हालाही वाटायचे. पण त्या गुन्ह्यांत त्याला जामीन मिळालेला होता, खटले अजून उभे राहायचे होते.

त्याची अम्मी कागदांचा गठ्ठा पदराखाली घेऊन घरी आली. “सर, जरा पढके बताव, क्या लिखे इसमें?” गठ्ठ्यात फिर्यादी, पंचनामे आणि दोन गोपनीय जबाब होते. जबाब देणाऱ्यांची नावे झाकलेली. ‘साक्षीदार अ’ आणि ‘साक्षीदार ब’. सगळे मराठीत. शेवटच्या पानावर टंकलेले होते की कारणे मला वाचून दाखवली, समजावून सांगितली, ती मला समजली. त्याखाली पोराची सही. उर्दूत.

आम्ही त्याला सातवीपर्यंत शिकवले आहे. मराठीत तो भाजी विकायचा, भांडायचा, उधारी मागायचा. गिऱ्हाइकाला त्याच्या बोलण्यावरून तो कुठल्या शाळेत गेला हे कळले नसते. उद्या कोणी म्हणेल की याला तर उत्तम मराठी येते. पण ‘सार्वजनिक सुव्यवस्थेस बाधा आणणारी विघातक कृत्ये’ हे वाक्य बाजारात ऐकायला मिळत नाही. ‘अभिवेदन’ म्हणजे काय, हे त्या दिवशी आम्हीसुद्धा शब्दकोशात पाहिले. बोलता येणे आणि वाचून उमजणे यांत किती अंतर असते, हे आमच्या पेशात रोज दिसते. तोंडी परीक्षेत फाडफाड बोलणारा मुलगा उताऱ्यावरील प्रश्नांपाशी अडतो.

आमच्या या साध्या अनुभवाला कायद्यात जागा आहे, हे नंतर कळले. १९६२ साली ‘हरिकिशन विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ हा खटला सर्वोच्च न्यायालयात आला. माणूस नागपूरचा, जाणत होता हिंदी. कारणे दिली होती इंग्रजीत, चौदा टंकलिखित पानांची. त्याने हिंदी तर्जुमा मागितला, तो नाकारला गेला. पोलीस अधिकाऱ्याने तोंडी सांगितले तेवढे पुरे, असे सरकारचे म्हणणे. न्यायालयाने ते मानले नाही आणि त्याला सोडले. पुढे लल्लुभाई पटेल प्रकरणात गुजरातीबाबत हेच झाले. त्यानंतर इब्राहिम अहमद बट्टी प्रकरणात प्रश्न उर्दूचा होता. तो माणूस पाकिस्तानचा नागरिक, आरोप तस्करीचा. त्यालाही कागदपत्रांचा उर्दू तर्जुमा वेळेत मिळाला नाही म्हणून स्थानबद्धता टिकली नाही. परक्या मुलखातल्या माणसालाही त्याला वाचता येईल असा कागद मिळाला पाहिजे, असे आपले न्यायालय म्हणते.

याला कोणी तांत्रिक पळवाट म्हणतात. आम्हाला ते पटत नाही. इथे साक्षीदाराला उलटा प्रश्न विचारता येत नाही, सल्लागार मंडळासमोर वकील हक्काने मागता येत नाही. उरतो एक कागद. तोच उमजला नाही तर उत्तर कशाला देणार?

आम्ही त्या शेवटच्या पानाकडे वकिलाचे लक्ष वेधले. सातव्या महिन्यात उच्च न्यायालयाने आदेश रद्द केला. पोरगा घरी आला तेव्हा भाजीची गाडी विकली गेली होती.

ए. के. रॉय खटल्यात १९८१ साली न्यायालयाने आणखी एक गोष्ट सांगितली आहे. मंडळासमोर वकील नसला तरी वकील नसलेला एखादा मित्र सोबत नेता येतो. मित्र म्हणजे शेजारी चालतो, मास्तरही चालतो. मोहल्ल्यात हे कोणालाच ठाऊक नव्हते.

यंदा नववीच्या मराठीच्या तासाला आम्ही पत्रलेखनात सहलीच्या परवानगीचा अर्ज बाजूला ठेवला आणि फळ्यावर ‘अभिवेदन’ लिहिले. खाली उर्दूत ‘अर्जदाश्त’. पहिल्या बाकावरच्या मुलीने विचारले, “सर, प्रति म्हणून कोणाला लिहायचे?” आम्ही तीन नावे सांगितली: आदेश काढणारा अधिकारी, राज्य शासन, सल्लागार मंडळ. तिने तिन्ही वहीत उतरवून घेतली, आणि कोपऱ्यात उर्दूतही लिहून ठेवली.